बाराव्या मजल्यावरचा समरकंदी नोन

जगात जे जे हाताने करता येतं ते ते आपल्याला आलंच पाहिजे असं मानणारा, आणि त्यातलं बहुतेक काहीच धड न आलेला, असा एकच माणूस मी आयुष्यात पाहिला. ते म्हणजे आमच्या ब्लॉकमधले बाराव्या मजल्यावरचे काका. मी आठव्या मजल्यावर राहत होतो. सिंगापुरात सेम्बावांगला फ्लॅट घेतला तेव्हा एजंटने जवळचं एमआरटी स्टेशन, शाळा आणि बाजार दाखवला होता, पण चार मजले वर काय प्रकार राहतो ते सांगितलं नव्हतं. काका मूळ नागपूरचे. तरुणपणी सिंगापूरला आले आणि जहाज दुरुस्तीच्या यार्डात वेल्डिंगची तपासणी करत निवृत्त झाले. दुसऱ्याने केलेल्या कामातल्या चुका शोधण्यात उमर गेल्यामुळे असेल, निवृत्तीनंतर त्यांना स्वतः चुका करण्याची अनावर हौस होती. फुलवाल्या तमिळ बाईंकडून ते गजरे ओवायला शिकले. पुंगोलच्या एका म्हाताऱ्याकडून मासे पकडायचं जाळं विणायला शिकले. त्या जाळ्यातून मासे तर सोडाच, एकदा त्यांचा मोबाइलसुद्धा सरळ खाली पडला. तळमजल्यावरच्या न्हाव्याकडे महिनाभर बसून ते केस कापायला शिकले आणि पहिलं गिऱ्हाईक म्हणून मला बोलावलं. त्यानंतर तीन आठवडे मी लॅबमध्ये टोपी घालून काम केलं. आमच्या लॅबमध्ये एसी फार असतो, असं मी सगळ्यांना सांगत होतो.

शिकवणाऱ्याला ते कधी प्रश्न विचारत नसत. त्यांचं म्हणणं असं, की विचारलं की माणूस तोंडाने सांगतो, आणि तोंडाने सांगितलेलं खोटं असतं. हात काय करतात ते बघायचं. "अरे, वेल्डर मला नेहमी सांगायचे, सर, एकदम पक्कं केलंय. मी त्यांच्या तोंडाकडे बघितलं असतं तर दहा जहाजं बुडाली असती." काकूंना हे सगळं पाठ होतं. काकू इथल्या एका इस्पितळाच्या रक्त तपासणीच्या विभागात काम करायच्या, बोलायला मोजक्या आणि नेमक्या. त्या म्हणत, "यांना एकच गोष्ट शिकायची राहिलीये. बसायला."

तर अशा या काकांनी दोन हजार सहाच्या सुमारास एकदम जाहीर केलं, की आपण उझबेकिस्तानला चाललो, समरकंदला. त्यांनी टीव्हीवर पाहिलं होतं म्हणे, तंदूरमध्ये कंबरेपर्यंत वाकून रोटी लावणाऱ्या बायका आणि तुतीच्या सालीपासून कागद करणारे म्हातारे. काकू म्हणाल्या, "तुम्ही जा. मी वेसाकच्या सुट्टीला बुद्धपौर्णिमेची खीर करते आणि झोपते." काका तीन आठवड्यांसाठी गेले. सोबत त्यांनी यार्डातले जुने वेल्डिंगचे हातमोजे नेले, तंदूरसाठी. ते हातमोजे त्यांच्या गुरुबाईंनी पहिल्याच दिवशी हातातून काढून घेऊन कुत्र्याला दिले, असं ते स्वतःच मोठ्या अभिमानाने सांगत. या बाई सत्तरीच्या होत्या. काका त्यांना आपा म्हणत; तिकडे मोठ्या बहिणीला तसंच म्हणतात. दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती, पण काकांना त्याची फिकीर नव्हती, कारण तिथली निम्मी भाषा आपलीच आहे असा त्यांनी शोध लावला होता. हवा म्हणजे हवा, दुनिया म्हणजे दुनिया, कागद म्हणजे जवळजवळ कागदच. या आत्मविश्वासाने त्यांनी एका खाणावळीत सब्जी मागितली आणि त्यांच्यापुढे बशीभर गाजरं आली. दुसऱ्या दिवशी जरा मोठ्याने मागितली, तेव्हा दुप्पट गाजरं आली. तिकडे सब्जी म्हणजे गाजर हे त्यांना चौथ्या दिवशी कळलं, तोवर गाजरांची सवय झाली होती.

परत आले ते उजव्या हातावरचे कोपरापर्यंतचे सगळे केस जाळून. हात असा गुळगुळीत, की शेजारच्या मलाय मकचिकने, म्हणजे मावशीने, काळजीने विचारलं, कुठलं क्रीम लावता? तेव्हापासून आमच्याकडे नोनपर्व सुरू झालं. नान म्हटलेलं त्यांना खपत नसे. "नान नाही रे, नोन." नोन गोल, काठाला फुगलेला, मध्ये पातळ, त्या मधल्या भागावर खिळ्यांच्या शिक्क्याने फुलासारखी नक्षी टोचायची म्हणजे तो फुगत नाही, वर तीळ लावायचे, आणि उलट्या बाजूला पाण्याचा हात फिरवून तंदूरच्या भिंतीला थापकन चिकटवायचा. समरकंदला काकांचे पहिले सहा नोन निखाऱ्यांत पडले. सातवा चिकटला तेव्हा आपांनी टाळ्या वाजवल्या आणि मग तो खाली पडला.

नोनचे नियम कडक होते. सुरी लावायची नाही, हाताने तोडायचा. आणि कधीही उलटा ठेवायचा नाही, तो अन्नाचा अपमान. हे नियम त्यांनी सिंगापुरातल्या सगळ्याच ब्रेडला लागू करून टाकले. एकदा हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे इथल्या खाण्याच्या गाळ्यांच्या मंडईत, आम्ही दोघं कॉफी घेत होतो. शेजारच्या टेबलावरच्या चिनी आजोबांनी काया टोस्ट, म्हणजे नारळाचा गोड जॅम लावलेला टोस्ट, मागवला होता आणि ते टिश्यू आणायला उठले होते. काकांनी त्यांच्या बशीतला एक टोस्ट उचलला, निरखला, पालथा केला, पुन्हा निरखला. मी म्हटलं, "काका, अहो, हे काय?" ते म्हणाले, "अरे, याची वरची बाजू कोणती तेच समजेना." तेवढ्यात आजोबा परत आले. काकांनी अतिशय आदराने टोस्ट बशीत ठेवला आणि खुणेने विचारलं, असा की असा? आजोबांनी बशी उचलली आणि तीन टेबलं पलीकडे जाऊन बसले.

फ्लॅटमध्ये तंदूर बसवण्याचा प्रयत्न एकदाच झाला. मोठी मातीची कुंडी उलटी करून, तळ कापून, कॉरिडॉरमध्ये कोळसा पेटवला गेला. पंधरा मिनिटांत मकचिक बादली घेऊन हजर झाली आणि आठवड्याभरात इमारतीच्या ऑफिसचं पत्र आलं. पत्र फार सभ्य होतं. त्यात तंदूर हा शब्द नव्हता, 'वस्तू' असं म्हटलं होतं. मग काकांनी कागदाकडे मोर्चा वळवला. तळमजल्यावरच्या रहिवाशांच्या बागेत तुतीचं एक झाड होतं. त्याची छाटणी झाली की फांद्या बाराव्या मजल्यावर जात. साल सोलायची, आतला पांढरा भाग खरवडून घ्यायचा, तासन् तास उकळायचा आणि लगदा होईपर्यंत कुटायचा. समरकंदजवळच्या त्या गावात ओढ्याच्या पाण्यावर चाक फिरतं आणि लाकडी मुसळं आपोआप कुटतात. इथे ओढा नव्हता, काका होते. उकळायला काकूंचा कुकर गेला तो परत स्वयंपाकात आलाच नाही. पहिला कागद भिजलेल्या पापडासारखा झाला, दुसरा वाळलेल्या पापडासारखा. पण हळूहळू, वर्षभरात, अकरा कागद खरंच कागदासारखे निघाले: सायीच्या रंगाचे, शिंपल्याने घोटून चकचकीत केलेले. हा कागद तीनशे वर्षं टिकतो असं तिथल्या उस्तादांनी सांगितलं होतं, आणि त्यामुळे एक अडचण झाली. तीनशे वर्षं टिकावं असं काय लिहायचं, ते काकांना सुचेना. अकरा कागद कपाटात पडून राहिले. काकू म्हणाल्या, "लिहा, शुक्रवारी एसीवाला येणार आहे."

इथपर्यंत सगळं हसण्यावारी होतं. काका-काकूंना एकच मुलगी. इथेच जन्मलेली, इथेच शिकलेली, मराठी कळायची पण उत्तर इंग्रजीत यायचं, शेवटी 'लाह' लावून. चांगल्या बँकेत कामाला होती. एके दिवशी तिने घरी सांगितलं, की तिने नोकरी सोडली आहे, आणि ती इंग्लंडमधल्या एका छोट्या गावात व्हायोलिन बनवायला शिकायला चालली आहे. तीन वर्षांचा कोर्स.

मला वाटलं होतं, काका नाचतील. गजरे, जाळी, केस, नोन, कागद आणि आता मुलगी व्हायोलिन करणार! पण तसं झालं नाही. काका जे बोलले ते काकूंनी मला नंतर सांगितलं. ते म्हणाले, "हे छंद असतात. पेन्शन हातात पडल्यावर करायचे असतात. आम्ही कुठून आलो ते तुला माहीत आहे. आमच्या बापाने पोट मारून शिकवलं, ते तुला बँकेत पोचवायला. लाकूड तासायला नाही." मुलगी म्हणाली, "पा, तू एका अनोळखी बाईकडे जाऊन ब्रेड शिकलास. मी शिकायचं म्हटलं तर व्हाय कॅनॉट?" त्यावर काका चिडले. पुढचे दोन महिने एकाच फ्लॅटमध्ये दोघं एकमेकांशी बोलत नव्हते. जेवायच्या टेबलावर काकू मधे बसून दोघांचं इकडचं तिकडे करत. "आई, बाबाला सांग, मीठ दे." "तुझ्या लेकीला सांग, मीठ तिच्यासमोरच आहे." काकू एकदा मला लिफ्टमध्ये भेटल्या तेव्हा म्हणाल्या, "मी आता त्या टेबलावर मिठाच्या दोन बाटल्या ठेवल्यात."

ती निघायच्या आदल्या दिवशी काका माझ्याकडे आले. वुडलँड्सला एका उत्तर भारतीय रेस्टॉरंटचा तंदूर सकाळी दोन तासांसाठी मिळवलाय, म्हणाले, आणि तिथला गढवाली स्वयंपाकी जरा शंकेखोर आहे, तू सोबत ये. दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही गेलो. स्वयंपाकी हाताची घडी घालून उभा. काकांनी घरून मळून आणलेली कणीक काढली, काठ दाबले, शिक्का मारला, तीळ लावले. स्वयंपाकी म्हणाला, "अंकल, ये नान नहीं है." काका म्हणाले, "मालूम है." मग कंबरेत वाकून अर्धा हात त्या धगीत घालून त्यांनी नोन भिंतीला लावला. मी डोळे मिटले. उघडले तेव्हा नोन चिकटलेला होता आणि काका त्याच्याकडे असे बघत होते, की जणू आता तो काहीतरी बोलणार आहे. पडला नाही. चांगला भाजला. सोन्यासारखा रंग आला, काठ फुगले, मधली नक्षी स्पष्ट उठली. स्वयंपाक्याने हाताची घडी सोडली.

हा खटाटोप कशासाठी, ते मला चांगी विमानतळावर कळलं. निघायच्या वेळी, काकूंनी मुलीला जवळ घेऊन सोडल्यावर, काकांनी पिशवीतून नोन काढून तिच्यासमोर धरला. दोन महिन्यांतलं त्यांचं तिच्याशी पहिलं वाक्य होतं, "एक घास घे."

"पा, एव्हरीबडी लुकिंग, लाह."

"बघू दे. तिकडे रीत आहे. दूर जाणाऱ्याने एक घास खायचा. उरलेला घरात टांगून ठेवतात. माणूस परत येऊन तो संपवतो."

तिने बापाकडे बघितलं, मग वाकून, सगळ्या ट्रॉल्यांच्या गर्दीत, नोनच्या काठाचा एक मोठा घास तोंडाने तोडला. चावत चावत, मागे न बघता आत गेली. काका चावलेला नोन दोन्ही हातांत धरून उभे राहिले. सरळ बाजू वर.

पण समरकंदची हवा कोरडी आणि सिंगापूरची हवा म्हणजे ओलं फडकं. इथे भिंतीवर नोन टांगला तर तिसऱ्या दिवशी हिरवा होतो. काकांनी आधी समरकंदहून आणलेला एक टांगून पाहिला होता आणि काकूंनी "भिंतीवर शेवाळ वाढवलंय" म्हणून तो फेकून दिला होता. विमानतळावरून काका माझ्याबरोबर तडक आठव्या मजल्यावर आले आणि मला म्हणाले, "तुझ्या त्या कॅमेऱ्याच्या कपाटात ओल किती ठेवतोस?" सिंगापुरात लेन्सला बुरशी येते म्हणून फोटोग्राफीची हौस असलेले लोक हवा कोरडी ठेवणारं एक छोटं विजेचं कपाट घेतात. माझ्याकडे होतं. मी म्हटलं, "चाळीस टक्के." ते म्हणाले, "तीस कर." अशा रीतीने माझ्या दोन लेन्स बाहेर आल्या आणि अर्धवट चावलेला नोन आत गेला. माझी बायको म्हणाली, "किती दिवस?" काका म्हणाले, "तीन वर्षं." बायकोने माझ्याकडे पाहिलं. मी कपाटाच्या आकड्याकडे पाहिलं.

दर रविवारी काका नोन बघायला येत. कपाटाचं दार उघडायचं नाही, काचेतून बघायचं, आकडा वाचायचा, "बरा आहे" म्हणायचं आणि चहा घ्यायचा. एखाद्याची तब्येत विचारून जावं तसे. मुलीचा फोन यायचा तो काकूंना. काका तेव्हा बाल्कनीत जाऊन उभे राहायचे, पण बाल्कनीचं दार उघडं ठेवायचे.

असे सहा-सात महिने गेल्यावर एका रविवारी ते नेहमीसारखे आले आणि म्हणाले, "एक कागद कामी आला." मला आधी कळलंच नाही. अकरांपैकी एका कागदावर त्यांनी तिला पत्र लिहिलं होतं, मराठीत. तिला मराठी वाचायची सवय नाही हे त्यांना माहीत होतं. इंग्रजीत का नाही लिहिलं विचारलं तर म्हणाले, "इंग्रजीत मी फक्त यार्डाचे रिपोर्ट लिहिलेत. ते तिला कशाला?" पत्रात काय होतं ते मला पुढे तिनेच सांगितलं. चारच ओळी होत्या. चार ओळी वाचायला तिला एक अख्खी संध्याकाळ लागली, एकेक अक्षर लावत. "तुला कोणकोणती हत्यारं लागतात? धार तू स्वतः लावतेस की दुसरं कोणी लावून देतं? लाकूड कुठलं? तुझे मास्तर तोंडाने शिकवतात की हाताने?" खाली नुसतं 'बाबा'.

तिचं उत्तर आठ पानांचं आलं, इंग्रजीत, चित्रं काढून. काकांनी ते माझ्याकडे आणून मोठ्याने वाचून दाखवलं. तिने लिहिलं होतं, की व्हायोलिनची वरची फळी तासताना मधे मधे ती बोटांत धरून तिच्यावर टिचकी मारतात आणि कान लावून ऐकतात. कुठे जाड राहिली ते आवाजावरून कळतं. इथे काका थांबले. "काऊन रे, माहीत आहे का तुला? यंत्रं यायच्या आधी आम्ही तेच करायचो. जोडावर हातोडी मारायची आणि कान लावायचा. पोट्टीला हे मी कधी सांगितलंच नाही." मग चष्मा काढला, पुसला, घातला आणि पुढचं पान मनातल्या मनात वाचलं. ते मला ऐकवलं नाही.

ती तीन वर्षांनी नव्हे, अडीच वर्षांनीच आली, डिसेंबरच्या सुट्टीत, दोन आठवड्यांसाठी. पहिल्याच संध्याकाळी सगळे आमच्या घरी जमले, कारण नोन आमच्याकडे होता. काकांनी कपाट उघडलं. नोन जसाच्या तसा होता, तिच्या दातांच्या खुणांसकट, फक्त दगड झाला होता. तिने तो टेबलावर आपटून पाहिला. "पा, धिस वन कॅन बिल्ड हाऊस, लाह." काकूंनी चहा पुढे केला. चहात बुडवून, मऊ करून, तिने त्या नोनचा शेवटचा तुकडाही संपवला. पाऊण तास लागला. आम्ही चौघं बघत बसलो होतो, कोणीही हसलं नाही. काकूंनी शेवटी एवढंच विचारलं, "पोटात दुखत नाहीये ना?"

त्या दोन आठवड्यांत बाराव्या मजल्यावर बाप-लेक जमिनीवर बसून असत. ती त्यांना पटाशीला धार लावायला शिकवत होती. मी एकदा गेलो तर ती त्यांचं मनगट धरून म्हणत होती, "नो, नो, पा, दाबायचं नाही." मला म्हणाली, तिच्या सगळ्या वर्गात इतका वाईट विद्यार्थी नाही. काका खाली मान घालून दगडावर पटाशी फिरवत होते आणि अतिशय खूश होते. तिने तेव्हाच सांगून टाकलं होतं, की कोर्स संपला की ती तिथेच एका कारागिराच्या हाताखाली राहणार आहे. सिंगापूरला परत येणं होईल असं वाटत नाही. काका म्हणाले, "हं." आणि पटाशी उजेडात धरून धार बघितली.

ती गेली त्या दिवशी मी सुट्टी काढून पुन्हा चांगीला गेलो. मला वाटलं होतं, काका आदल्या दिवशी वुडलँड्सला बोलावतील. त्यांनी बोलावलं नाही. दाराशी ती वळली आणि तिनेच हात पुढे केला. "नोन?"

"नाही केला," काका म्हणाले.

"व्हाय? फरगॉट, आ?"

"विसरेन कसा? मुद्दाम नाही केला. अर्धा नोन घरात असला की माणसाला यावंच लागतं." त्यांनी तिच्या जाकिटाची कॉलर सरळ केली. "तुला यावंसं वाटलं तर ये. नाही तर आम्ही येऊ. तू भूक लागेल तेव्हा पोटभर जेव, एवढंच."

 या वेळी मात्र ती आत जाताना तीन वेळा मागे वळली.

परतताना एमआरटीत काकू खिडकीला डोकं टेकून झोपल्या. काका मांडीवर हात ठेवून बसून होते. इतका वेळ एका जागी बसलेलं मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. ब्लॉकच्या लिफ्टमध्ये काकूंनी बारा दाबलं, मी आठ दाबलं, आणि आठवर काका माझ्यामागून बाहेर आले. दार लागलं आणि काकू वर गेल्या. काका आमच्या सोफ्यावर बसले. मी चहा केला. अर्धा कप झाल्यावर त्यांनी विचारलं, "विमान आता कुठे असेल?"

मी घड्याळ बघितलं. "बंगालच्या उपसागरावर असेल."

"म्हणजे मग नागपूरवरून जाणार."

"बहुतेक तिथूनच जातं."

त्यांनी मान हलवली.  "खिडकीची जागा घे म्हणून सांगायला पाहिजे होतं तिला," ते म्हणाले, आणि उरलेला चहा संपवला.